मर्लिन गप्प का बसला?

"इंग्रजांच्या पोराटोरांच्या मालिकेवर आपली पानं कशाला खर्ची घालतोस? आपल्याकडं विषय कमी पडले का?" अभ्यास मंडळातला एक साथी मला तोंडावर म्हणाला. त्याचं चूक नाही. गावोगाव काय चाललंय ते आपण सगळेच जाणतो. तरी लिहितो आहे. कारण या मालिकेनं मला माझ्याच घरात, माझ्याच भावाच्या पोरीसमोर उघडं पाडलं.

मालिकेचं नाव ‘मर्लिन’. बीबीसीनं ती २००८ ते २०१२ या काळात दाखवली. पाच पर्वं, ६५ भाग. आख्ख्या कुटुंबानं शनिवारी संध्याकाळी एकत्र बसून बघावी अशी. पुतणी नववीत आहे. सुट्टीत तिनं ती बघायला घेतली, आणि पोरीचं इंग्रजी सुधारतंय म्हणून मीही शेजारी बसलो. बसलो तो बसलोच.

राजा आर्थर ही ब्रिटनची जुनी दंतकथा. बाराव्या शतकात जेफ्री ऑफ मॉनमथनं ती राजांचा इतिहास म्हणून लॅटिनमध्ये लिहिली. १४८५ साली कॅक्स्टननं मॅलरीचा इंग्रजी ग्रंथ छापला आणि ती घरोघर गेली. त्या कथेत मर्लिन म्हणजे राजाला जन्माला घालणारा, गादीवर बसवणारा थोर जादूगार. आपल्याकडच्या राजगुरूंच्या पंगतीत शोभेल असा. राणी ग्विनेव्हर ही राजाची मुलगी. सगळा मामला वरच्यांचा.

मालिकावाल्यांनी हे उलटंपालटं केलं. त्यांचा मर्लिन खेड्यातून आलेला पोरगा आहे. कॅमलॉटच्या राजवाड्यात तो युवराज आर्थरचा नोकर होतो. बूट पुसतो, तबेला साफ करतो, आर्थरच्या शिव्या खातो. आणि ग्वेन? ती लोहाराची मुलगी, राजवाड्यातली दासी. तिचं काम अँजेल कोल्बी या गोऱ्या नसलेल्या नटीनं केलंय. चौथ्या पर्वाच्या शेवटी ही लोहाराची पोर राणी होते. खरं सांगतो, मला बरं वाटलं. ज्यांच्या कथेत आपल्यासारख्याला उंबऱ्याच्या आत जागा नसते, त्यांनी नोकराच्या नावानं मालिका काढली. हे श्रेय नाकारायचं कारण नाही.

आता मूळ मुद्दा. कॅमलॉटमध्ये जादूला बंदी आहे. राजा उथरनं वीस वर्षांपूर्वी जादूवाल्यांची कत्तल केली. पहिल्याच भागात, मर्लिन शहरात पाय ठेवतो तेव्हा चौकात एका माणसाचं मुंडकं उडवलं जातंय. गुन्हा काय, तर जादू केली. आपण जादूटोणा मानत नाही, बुवाबाजीशी आपलं भांडण आहे, हे मला ठाऊक आहे. पण इथली जादू म्हणजे लिंबू-मिरची नाही. मर्लिननं ती शिकलेली नाही. तो तिच्यासकट जन्मला. म्हणजे पोराचा गुन्हा एकच – जन्म.

आणि राजाचं स्वतःचं काय? त्याला मूल होत नव्हतं. त्यानं जादूचाच आसरा घेतला. आर्थर जन्मला, पण त्या जन्माची किंमत म्हणून राणी मेली. राजानं खापर फोडलं सगळ्या जादूवाल्यांवर आणि पिढीच्या पिढी संपवली. गरज होती तेव्हा त्यांचा हात चालला, गरज सरली तसा विटाळ झाला. हे मी तुम्हाला वेगळं समजावून सांगायला नको. बाळंतपणात आपली बाई बोलवायची आणि बाराव्या दिवशी तिला अंगणाबाहेर उभी करायची, हे आपल्या आज्यांनी भोगलंय.

तर असा हा मर्लिन आपली ओळख लपवून त्याच राजवाड्यात राबतो. आर्थरचा जीव तो दर भागात वाचवतो आणि श्रेय दुसऱ्याच्या पदरात पडतं. आपण हसतो. मालिकाही हसते. अशाच एका रात्री पुतणीनं विचारलं, "काका, हा एकदाचं सांगून का टाकत नाही?"

मी म्हणालो, "सांगितलं तर मारतील ना त्याला."

"पण आर्थर त्याचा दोस्त आहे की."

मला उत्तर सुचेना.

बाबुराव बागुलांच्या ‘जेव्हा मी जात चोरली होती’ची आठवण झाली. १९६३ साली तो संग्रह आला. त्यातला नायकही नोकरीसाठी परगावी जातो, जात लपवतो आणि उघडकीला आल्यावर मार खातो. पण बागुलांनी त्या लपवण्यात गंमत ठेवली नाही. ओळीओळीत गुदमर आहे. ‘मर्लिन’मध्ये तोच गुदमर विनोदाच्या वाटीत घालून दिलाय. लपवणं म्हणजे पोराची हुशारी, लपवणं म्हणजे धन्यावरची माया! मालिकेचा पहिला खोटेपणा मला इथं दिसला.

दुसरा खोटेपणा त्याहून खोल आहे. पाचव्या पर्वात, २०१२ साली, ‘द डिसिर’ नावाचा भाग आला. उथर मेलाय, आर्थर राजा झालाय. मॉर्ड्रेड हा जादूवाल्या ड्रुइड जमातीतला तरुण, आर्थरचा सरदार, मरणाच्या दारात आहे. जुन्या धर्माच्या देवतांच्या तीन बायका आर्थरला सांगतात की जादूला राज्यात जागा दे, तर तो वाचेल. आर्थर गोंधळतो. शेकोटीपाशी बसून तो नोकराला विचारतो की तू माझ्या जागी असतास तर काय केलं असतंस? चार पर्वं मर्लिन ज्या घटकेची वाट बघतोय ती ही घटका. राजा स्वतः विचारतोय. बंदी उठू शकते. आणि मर्लिन डोळ्यांत पाणी आणून म्हणतो की कॅमलॉटमध्ये जादूला जागा नको.

पुतणी ओरडली, "अरे, वेडा आहे का हा!"

वेडा नाही. त्याला भविष्य सांगितलंय. राजवाड्याखाली साखळदंडानं बांधलेला एक ड्रॅगन होता. जॉन हर्टचा तो भारदस्त आवाज ऐकून आपणही मान डोलावतो. त्यानं पहिल्यापासून मर्लिनच्या कानात भरलंय की आर्थरला राखणं ही तुझी नियती आणि मॉर्ड्रेड हा आर्थरचा काळ. म्हणून मॉर्ड्रेड मेलेला बरा. त्या एका जिवापायी मर्लिन आपल्या सगळ्या माणसांचा सौदा करतो. आणि पदरात काय पडतं? मॉर्ड्रेड मरत नाही. आर्थरचा नकार हीच त्याची शिक्षा, म्हणून तो जगतो. बंदी कायम राहते. पुढं मॉर्ड्रेडच्या प्रेमातल्या ड्रुइड पोरीला आर्थरच्या हुकुमानं फाशी होते, तेव्हा मॉर्ड्रेड उलटतो आणि आर्थरचा घात करतो. म्हणजे जे टाळण्यासाठी हा गप्प बसला, ते त्याच्या गप्प बसण्यानंच घडलं. नियती कसली? आपण तिला कर्मविपाक म्हणून ओळखतो. आहे तिथं राब, फळ पुढं मिळेल.

राजानं विचारलं तेव्हा आपल्याच माणसांविरुद्ध मत देणारा हा नोकर आपल्याला नवा आहे का? १९३२ च्या पुणे करारानं राखीव जागा दिल्या, पण निवडून यायचं ते सगळ्यांच्या मतांवर. तिथून कुठल्या जातीची माणसं तयार झाली ते कांशीरामजींनी १९८२ साली ‘चमचा युग’मध्ये मांडलं. पण मर्लिनला चमचा म्हणून मोकळं होता येत नाही, तीच अडचण आहे. तो लोभी नाही, त्याला खुर्ची नको. तो खरोखर माया करतो. मायेनं गप्प बसणारा माणूस चमच्यापेक्षा अवघड, कारण त्याला शिवी देता येत नाही.

आता मॉर्गाना बघा. राजाच्या आश्रयाला वाढलेली, पुढं कळतं की त्याचीच मुलगी. तिच्या अंगातही जादू आहे. तिला ती कळत नाही, रात्री स्वप्नांनी किंचाळत उठते, आपण वेड्या होतोय असं तिला वाटतं. मर्लिनला सगळं ठाऊक आहे. तिला तो ड्रुइडांकडं जायची वाट दाखवतो, पण "मीही तुझ्यासारखाच आहे" एवढं एक वाक्य बोलत नाही. पुढं तर राज्य वाचवण्यासाठी तो तिला विष पाजतो. तिसऱ्या पर्वापासून मॉर्गाना खलनायिका होते. म्हणजे या मालिकेत दडपलेल्यांना दोनच वाटा. लपून चाकरी करणारा तो चांगला आणि उठून उभी राहणारी ती चेटकीण. तिसरी वाट, म्हणजे आपल्यासारख्यांनी एकमेकांना ओळख देऊन एकत्र येणं, ती ६५ भागांत मर्लिनला एकदाही सापडत नाही. मेळावा नाही, संघटना नाही. त्याचा गुरू गायस, राजवैद्य, कत्तलीच्या काळी जादू सोडून राजाच्या पदरी राहिला आणि वाचला. तोही पोराला हेच शिकवतो: गप्प राहा.

एक गोष्ट इथं सांगितली पाहिजे, नाहीतर आपली तरुण पोरं ‘मर्लिन म्हणजे आपलीच कहाणी’ असं म्हणत बसतील. ती तशी नाही. मर्लिनच्या अंगात खरंच काहीतरी वेगळं आहे. तो नजरेनं वस्तू हलवतो, वीज पाडतो. राजाच्या भीतीला थोडा तरी आधार आहे. आपल्या अंगात काय वेगळं आहे? काही नाही. जात रक्तात नसते, ती माणसांच्या डोक्यातली कल्पना आहे, हे बाबासाहेबांनी १९३६ सालीच ‘जातिभेद निर्मूलना’त मांडलं. अद्भुत कथेतला पीडित नेहमी असा धोकादायक शक्तीचा असतो आणि नकळत पीडकाला थोडं बरोबर ठरवून जातो. ही उपमा जपून वापरावी.

आणि बाकीच्या गरिबांचं काय? कॅमलॉटचा कायदा असा की सरदार व्हायला कुळ लागतं. लॅन्सलॉट तलवारीत कुणाला हार जात नाही, पण कुळ नाही, म्हणून त्याला आधी हाकललं जातं. २०१० साली, तिसऱ्या पर्वाच्या शेवटी, राज्य हातचं गेल्यावर आर्थर एका पडक्या किल्ल्यात गोल टेबलाभोवती याच लोकांना बसवतो आणि सरदारकी देतो. लोहाराचा पोरगा एलियानही त्यात आहे. दृश्य छान आहे, माझाही ऊर भरून आला. पण मग विचार केला: हे दिलं कुणी? युवराजानं. का? त्याला गरज होती. २० मार्च १९२७ ला महाडला चवदार तळ्यावर आपली माणसं गेली, ती कुणा राजाचं मन पाघळलं म्हणून गेली नव्हती. ओंजळ भरून घेतली ती हक्काची होती. गोल टेबलाला चारी बाजूंनी जागा असते म्हणतात. मर्लिन त्यांच्यात बसला खरा, पण तलवार खांद्याला लागली ती बाकीच्यांच्या. तो नोकर होता तो नोकरच राहिला.

दंतकथा उलटी करायची म्हणजे काय, हे इंग्रजांकडून शिकायची आपल्याला गरज नाही. जोतीराव फुल्यांनी १८७३ साली ‘गुलामगिरी’त दशावतार उलटे केले. वामनाला बटू ठेवून नुसता बळीला गोड केला नाही. गादी कुणाची, जमीन कुणाची आणि डोक्यावर पाय कुणी ठेवला, असं थेट विचारलं. ‘मर्लिन’वाल्यांनी पात्रं बदलली, सिंहासन तसंच ठेवलं. २४ डिसेंबर २०१२ च्या शेवटच्या भागात आर्थर मरणाच्या वाटेवर आहे, तेव्हा कुठं मर्लिन रडत आपली ओळख सांगतो. आर्थर आधी तोंड फिरवतो, मग त्याचे आभार मानून मरतो. पाच पर्वांच्या राबण्याची मजुरी म्हणजे मरणाऱ्या धन्याचे आभार. बंदी उठल्याचं मात्र पडद्यावर कुठं दिसत नाही. आणि अगदी शेवटी आजचा रस्ता दिसतो. एक लॉरी घोंघावत जाते. पाठीवर पिशवी घेतलेला म्हातारा मर्लिन तळ्याच्या कडेनं चाललाय. शेकडो वर्षं झाली, राजा परत येईल म्हणून तो अजून वाट बघतोय.

लॉरी गेली, पडदा काळा झाला. पुतणी डोळे पुसत होती. मग म्हणाली, "काका, तू असतास तर सांगितलं असतंस ना?"

साथींनो, मी नोकरीला लागलो तेव्हा शहरात खोली मिळेना. चौथ्या घरी मी आडनावाऐवजी गावाच्या नावाला ‘कर’ लावून सांगितलं. खोली मिळाली. तीन वर्षं राहिलो. घरमालकीण चांगली होती, ताप आला तर कढण आणून द्यायची. दर ६ डिसेंबरला चैत्यभूमीला निघताना मी तिला सांगायचो, "गावाकडं लग्न आहे." बाबा गेले त्या दिवशी मी तीन वर्षं लग्नाला जात होतो. परत आलो की ती विचारायची, "लाडू नाही का आणले?" तिसऱ्या वर्षी मी दादर स्टेशनाबाहेर अर्धा किलो बुंदीचे लाडू विकत घेतले.

हे मी आजवर कुणाला सांगितलं नव्हतं. पुतणीला सांगितलं. ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "शाळेत मला आडनाव विचारतात, तेव्हा मी पटकन विषय बदलते."

माझ्या पाठीमागं माझ्या घरात हे चाललं होतं आणि मला पत्ता नव्हता. मॉर्गाना शेजारच्या खोलीत किंचाळत होती आणि मी मर्लिनसारखा बूट पुसत बसलो होतो.

तेव्हा अभ्यास मंडळातल्या साथीला माझं उत्तर असं: ही मालिका आपल्या घरातल्या पोरांबरोबर बसून जरूर बघा, आणि पोर "हा सांगत का नाही" असं विचारेल तिथं थांबवा. पुढचा भाग उद्या बघता येईल. आधी आपली गोष्ट सांगा. येत्या ६ डिसेंबरला पुतणी माझ्याबरोबर दादरला येणार आहे. वर्गशिक्षिकेला द्यायचा रजेचा अर्ज तिनं स्वतः लिहिलाय, कारण खरं घातलंय आणि खाली आडनावासकट सही केली आहे.

जय भीम.