लिंकन यांचें विधिमंडळ-चरित्र : आख्यायिका आणि कार्यवृत्त

राष्ट्राध्यक्ष या नात्यानें अब्राहम लिंकन यांचें चरित्र सर्वश्रुत आहे. परंतु १८३४ ते १८४२ पर्यंत ते इलिनॉय राज्याच्या प्रतिनिधिगृहाचे सभासद होते, इकडे चरित्रकारांचें लक्ष बेताचेंच गेलें. ही उणीव पॉल सायमन यांनीं १९६५ सालीं ‘लिंकन्स प्रेपरेशन फॉर ग्रेटनेस’ हा ग्रंथ लिहून भरून काढली. ग्रंथकार स्वतः त्याच विधिमंडळाचे सभासद असल्यामुळें सभागृहाचे व्यवहार त्यांस आंतून ठाऊक होते.

ग्रंथांतील मुख्य वाद एका आरोपाविषयीं आहे. सँगमन परगण्याचे नऊ सभासद त्यांच्या उंचीमुळें ‘लाँग नाइन’ म्हणून ओळखले जात. लिंकन त्यांपैकींच एक. राजधानी वँडेलियाहून स्प्रिंगफील्डला आणण्यासाठीं या नवांनीं रेल्वे व कालव्यांच्या योजनेस मतें देऊन त्यांचा मोबदला घेतला, असें म्हणतात. योजनेचा सुमारें १ कोटी डॉलरांचा कायदा २७ फेब्रुवारी १८३७ रोजीं झाला आणि दुसऱ्याच दिवशीं स्प्रिंगफील्डला ७३ मतें पडलीं. संशयास एवढें पुरेसें होतें.

या आरोपाचा मोठा आधार म्हणजे टॉमस फोर्ड यांचा इलिनॉयचा इतिहास. फोर्ड लिंकनच्या विरुद्ध पक्षाचे. योजना कोसळून राज्य कर्जांत बुडाल्यावर, १८४२ सालीं, ते गव्हर्नर झाले. ग्रंथ १८५४ सालीं, त्यांच्या मृत्यूनंतर, छापला गेला. अशी साक्ष टाकाऊ नव्हे. परंतु बखरींतील विधान ज्याप्रमाणें अस्सल कागदाशीं ताडावें लागतें, त्याप्रमाणें हीहि ताडली पाहिजे. सायमन यांनीं तेंच केलें. सभागृहाच्या छापील कार्यवृत्तांतील नांवनिशीवार मतें पडताळून, सौदा सिद्ध होत नाहीं असा निर्णय त्यांनीं दिला. ग्रंथाचें खरें मोल येथें आहे.

तथापि वाचकानें पुढचें पाऊल जपून टाकावें. कार्यवृत्तांत मतें उतरतात; बिऱ्हाडीं बसून झालेलीं बोलणीं उतरत नाहींत. जानेवारी १८३७ मध्यें गुलामगिरीच्या उच्छेदकांचा निषेध करणारे ठराव आले, तेव्हां विरुद्ध मत देणाऱ्या सहा सभासदांत लिंकन होते. पण गुलामगिरी अन्यायाची व अहिताची आहे, मात्र उच्छेदकांच्या प्रचारानें तिचे दोष वाढतात, असा लेखी निषेध त्यांनीं डॅन स्टोन यांच्यासह नोंदविला तो ३ मार्चला, म्हणजे राजधानीचा निकाल लागल्यावर. आधीं बोलल्यास मतें दुरावतील या धोरणानें ते थांबले असावेत, हें अनुमान तारखांवरून सहज निघतें. ज्या कार्यवृत्तानें सौद्याचा आरोप ढिला पडतो, तेंच या सावधपणाकडेहि बोट दाखवितें.

हा निषेध लिंकन विसरले नाहींत. १८६० सालच्या आत्मवृत्तांत त्यांनीं तो उद्धृत करून आपलें मत तेंच असल्याचें नमूद केलें. मुत्सद्दी थांबला, पण बदलला नाहीं, एवढें अस्सल कागद सांगतात. त्याहून अधिक गौरव वा अधिक दोष त्यांच्या माथीं मारूं नये.