आडगावचा लोत्तो

सोळाव्या शतकातला इटालियन चित्रकार लोरेंझो लोत्तो याला अखेर मोठ्या पंगतीत पाट मिळाला, असं २०१८ साली सगळेच म्हणू लागले. आधी माद्रिदचं प्रादो, मग लंडनची नॅशनल गॅलरी. आनंद व्हायला हवा होता. पण दोन्हीकडे मांडली होती ती त्याची व्यक्तिचित्रं. ज्या माणसानं जन्मभर चर्चच्या वेद्यांसाठी रंग घोटले, त्याला आपण सावकारांचे आणि फिकुटलेल्या तरुणांचे चेहरे काढणारा म्हणून स्वीकारलं. तेव्हापासून त्याच्यावर लिहायचं म्हणजे ‘अस्वस्थ’, ‘अंतर्मुख’, ‘आपल्या काळाचा’ ही विशेषणं आलीच. हे खूळ कलासमीक्षक बेरेन्सनच्या १८९५च्या पुस्तकापासूनचं. त्यानं लोत्तोला विस्मृतीतून वर काढलं हे खरं, पण बाहेर काढताना मनोविश्लेषकाच्या खुर्चीत बसवलं.

व्यक्तिचित्रंच मांडली जाण्याचं खरं कारण साधं आहे. व्यक्तिचित्र पेटीत मावतं. बेर्गामोचं पाच मीटरहून उंच मार्तिनेंगो वेदीचित्र मावत नाही, आणि त्रेस्कोरेच्या सुआर्दी प्रार्थनाघरातली १५२४ची भित्तिचित्रं तर भिंतीसकटच आणावी लागतील. तिथं ख्रिस्ताच्या बोटांतून द्राक्षवेली फुटून भिंतभर पसरल्या आहेत. संग्रहालयाला जे हलवता येतं तेच थोर ठरतं, हा आजचा कलेतिहास.

आडगावच्या इतर चर्च-चित्रकारांचीही हल्ली चलती आहे. क्रिवेल्लीच्या सोन्यावर आणि काकड्यांवर भाळणाऱ्यांना माझ्या शुभेच्छा. पोर्देनोने फार मोठ्यानं बोलतो. मोरेत्तो सज्जन आहे, आणि तेवढाच आहे. वराल्लोच्या डोंगरावरचा गाउदेंझिओ फेर्रारी मात्र खरा मोठा. त्याच्यावर स्वतंत्र लिहायला हवं, इथं नाही.

इथं रेकानातीचं ‘देवदूताचं आगमन’. साधारण १५३४, गावच्या व्यापाऱ्यांच्या धर्ममंडळीसाठी केलेलं. देवदूत उजवीकडून घुसतो, वर ढगातून देवबाप जणू पाण्यात सूर मारायला हात जोडून निघालाय, मधून पाठ कमानीसारखी करून मांजर पळतं. सगळे लेख त्या मांजरावर. अहो, मेरीकडे बघा! देवदूताकडे पाठ करून ती आपल्याकडे वळली आहे, तळहात उघडे. तिशियनच्या मेरीला आपली गरज नसते. हिला आहे. बेर्गामोच्या सान बेर्नार्दिनोतल्या १५२१च्या वेदीचित्रातही सिंहासनाच्या पायाशी बसलेला देवदूत लिहिता लिहिता मान वळवून बघतो, दारातून कोणी आल्याची चाहूल लागावी तसा. तो ‘कोणी’ म्हणजे त्या चर्चमध्ये शिरलेला माणूस. ही चित्रकाराच्या मनाची घालमेल नव्हे. समोर कोण उभं राहणार हे पक्कं ठाऊक असलेल्या कारागिराची ही शहाणीव आहे.

शहरानं याला नावं ठेवलीच. व्हेनिसच्या कार्मिनी चर्चमधला त्याचा संत निकोलस (१५२९) कलालेखक दोल्चेनं १५५७मध्ये वाईट रंगांचा नमुना म्हणून दाखवला. लेखक आरेतिनोनं १५४८च्या पत्रात त्याच्या भाविकपणाचं कौतुक करून त्याची कला अलगद बाजूला सारली. हाच निवाडा आजचे सहृदय लोक ‘बिचारा लोत्तो’ म्हणून पुढं चालवतात: तिशियनपुढं टिकला नाही, म्हणून मार्के प्रांतात गेला, आंकोनात १५५०मध्ये चित्रांची सोडत काढली तर मोजकीच खपली, शेवटी १५५४ला लोरेतोच्या देवस्थानात आश्रयाला राहिला. घटना खऱ्या आहेत. पण यश मोजायचं माप व्हेनिसचं, ते कोणी ठरवलं? परीघ म्हणजे केंद्राच्या मागं रखडणं नव्हे, हे इतिहासकार कास्तेलनुओवो आणि गिन्झबुर्ग यांनी १९७९ सालीच सांगून ठेवलं. तरीही आपली पुस्तकं फ्लोरेन्स, रोम, व्हेनिस या तीन स्टेशनांवर थांबतात आणि बाकीची गावं खिडकीतून दाखवतात.

लोरेतोतच ठेवलेलं त्याचं ‘मंदिरातलं समर्पण’ पाहा. म्हातारपणची, जवळपास पुसट झालेली रंगवणी. वेदीच्या मेजाला खाली चक्क माणसाची पावलं आहेत. हे कोणत्या केंद्राकडून शिकला तो? असं काढायचं धाडस त्याला मिळालं, कारण तिथं त्याच्या खांद्यावरून डोकावणारं कोणी नव्हतं. त्याची हिशेबाची वही (१५३८पासूनची) वाचली तर एक चिडका, मोजून मापून वागणारा, भाव करणारा माणूस भेटतो; हुतात्मा भेटत नाही. गावांना त्याचं काम हवं होतं, त्याला गावं.

म्हणून माझं मागणं एवढंच: त्याच्या व्यक्तिचित्रांची प्रदर्शनं काही काळ बंद ठेवा. त्याऐवजी गावी जाऊन बघा: मोंते सान जुस्तोच्या सांता मारिया इन तेलुझियानोत त्याचं ‘क्रूसावरचं मरण’ आहे, डाव्या कोपऱ्यात ते करवून घेणारा बिशप बोनाफेदे. ज्या वेदीसाठी ते काढलं, तिच्यावरच ते आजही उभं आहे.