कुणाच्या तरी मर्जीवर : जेन ऑस्टिनचं जग

इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला, जर्नल सबमिशनच्या आदल्या रात्री, मी मोबाइलवर 'प्राइड अँड प्रेज्युडिस' वाचायला घेतली. ईबुक फुकट होतं आणि आकृत्या काढायचा कंटाळा आला होता. तेव्हा मला ती झकास प्रेमकथा वाटली. तो गर्विष्ठ, ती तिखट जिभेची, शेवटी दोघांचं जमतं. पुढे कित्येक वर्षं कुणी विचारलं की जेन ऑस्टिन काय लिहिते, तर माझं उत्तर ठरलेलं असे : जुन्या काळातलं रोमकॉम.

नोकरी लागल्यावर तीच कादंबरी पुन्हा वाचली, तेव्हा एक गोष्ट नजरेत भरली. प्रत्येक पात्र येतं ते आकडा घेऊनच. डार्सीचं उत्पन्न वर्षाला १०,००० पौंड. बिंगलीचं चार-पाच हजार. मिस्टर बेनेट यांचं २,०००, पण ते गेल्यावर घर आणि जमीन दूरच्या पुतण्याला, म्हणजे कॉलिन्सला जाणार. पाच मुलींना त्यातलं काही नाही. आईच्या पश्चात एलिझाबेथच्या वाट्याला १,००० पौंड येतील, ४ टक्के व्याजाचे. म्हणजे वर्षाला ४० पौंड. हे सगळं लेखिकाच सांगते, आपल्याला शोधावं लागत नाही.

सवयीप्रमाणे मी एक शीट उघडली. तिच्या सहाही कादंबऱ्यांतली पात्रं, उत्पन्न, आणि तिसरा रकाना : हे पैसे कुणाच्या हातात आहेत? शीट भरत गेले तसं कळलं, की दुसऱ्या रकान्यापेक्षा तिसराच महत्त्वाचा आहे. बायकांच्या ओळीत तिथे जवळजवळ कायम दुसऱ्या कुणाचं तरी नाव येत होतं : वडील, सावत्र भाऊ, मावशीचा नवरा, श्रीमंत म्हातारी. 'एमा'मधली एमा वुडहाउस हा ठळक अपवाद, आणि आपल्याला लग्नाची गरजच नाही असं तीच बिनधास्त म्हणू शकते.

प्रेम की पैसा, हा ऑस्टिनचा प्रश्न आहे असं आपण समजतो. मला वाटतं, तिचा खरा विषय आहे मर्जी. आपलं जगणं दुसऱ्याच्या मर्जीवर असेल तर माणसाचं काय होतं, आणि ज्याच्या मर्जीवर असतं त्याचं काय होतं, हे ती सहा कादंबऱ्यांत फिरून फिरून तपासते.

याचा सगळ्यात चांगला नमुना १८११ साली आलेल्या 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी'च्या दुसऱ्याच प्रकरणात आहे. म्हातारा डॅशवुड मरताना मुलाकडून, जॉनकडून, वचन घेतो : सावत्र आई आणि तीन सावत्र बहिणींना सांभाळ. जॉन मनाशी ठरवतो, प्रत्येक बहिणीला १,००० पौंड द्यायचे. मग त्याची बायको फॅनी बोलायला लागते. आपल्या लहानग्याचे ३,००० पौंड असे कमी करायचे? बरं, मग ५०० द्यावेत. त्यापेक्षा आईलाच वर्षाला १०० द्यावेत का? नको, ठरावीक रक्कम मिळणारी माणसं लवकर मरत नाहीत! मग अधूनमधून ५०? शेवटी ठरतं असं, की घर बदलताना हातभार लावू आणि हंगामात थोडे मासे, थोडी शिकार पाठवू. एवढ्यात सासूच्या नव्या घरी जाणारी चिनी मातीची भांडी फॅनीच्या डोळ्यांत सलू लागतात.

या प्रकरणात कुणी आवाज चढवत नाही, कुणी दुष्टपणे हसत नाही. जॉन तर प्रत्येक पायरी उतरताना स्वतःला जास्त समंजस वाटत जातो. ३,००० चे शून्य होतात आणि वचन मोडलं असं त्याला कुठेच वाटत नाही. एखाद्या मीटिंगमध्ये बजेट कापलं जाताना बसला असाल, तर हा सूर तुम्हाला लगेच ओळखू येईल. इथे ऑस्टिन जॉनवर एकही शेरा मारत नाही. फक्त नवरा-बायकोचं बोलणं चालू ठेवते आणि आकडा खाली सरकू देते. तिचा उपरोध म्हणतात तो असा चालतो : माणूस स्वतःला जे सांगतो तेच जसंच्या तसं मांडायचं, बाजूला हिशोब ठेवायचा.

हा हिशोब तिला घरातूनच ठाऊक होता. जेनचा जन्म १६ डिसेंबर १७७५ चा, हॅम्पशर परगण्यातल्या स्टीव्हन्टन गावचा. वडील जॉर्ज ऑस्टिन तिथले पाद्री. आठ भावंडं; सहा भाऊ, आणि कॅसँड्रा व जेन या दोन बहिणी. पाद्र्याचं उत्पन्न आणि घर त्या पदाबरोबर येई आणि पदाबरोबर जाई. १८०१ मध्ये वडील निवृत्त होऊन बायको-मुलींना घेऊन बाथला राहायला गेले आणि स्टीव्हन्टनचं घर थोरल्या जेम्सकडे गेलं. जानेवारी १८०५ मध्ये वडील वारले. आई आणि कॅसँड्रा यांचं थोडं व्याजाचं उत्पन्न होतं. जेनच्या नावावर काही नव्हतं. भावांनी आपापसांत ठरवून वर्षाला काही रक्कम द्यायचं कबूल केलं, जेम्स ५० पौंड, हेन्री ५०, असं करत. सगळं मिळून साधारण साडेचारशे पौंडांत तीन बायकांचं घर चालायचं होतं. कादंबरीतल्या डॅशवुड मायलेकींकडे वर्षाला ५०० असतात.

इथे थांबायला हवं. 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी'चा पहिला खर्डा वडील जिवंत असतानाचा, १७९० च्या दशकातला आहे. तेव्हा जेम्स म्हणजे जॉन डॅशवुड, असं सरळ समीकरण मांडणं चूक ठरेल. भाऊ वाईटही नव्हते. पण कादंबरीवर शेवटचा हात फिरला तो १८०५ नंतर, आणि दुसऱ्याने ठरवलेल्या रकमेवर जगायचं म्हणजे काय, हे तोवर तिच्या अंगवळणी पडलेलं होतं.

या जगात बाईला बाहेर पडायच्या वाटा किती होत्या? विद्यापीठं बंद, चर्च-सैन्य-वकिली बंद. गव्हर्नेसची नोकरी होती. 'एमा'तली जेन फेअरफॅक्स त्या नोकरीबद्दल बोलताना गुलामांच्या व्यापाराची आठवण काढते. आणि लग्न होतं. तेही कधीकधी समुद्रापलीकडे. जेनची आत्या फिलाडेल्फिया अनाथ होती. तिने लंडनला टोप्या शिवणारीच्या हाताखाली उमेदवारी केली आणि १७५२ मध्ये ती जहाजाने हिंदुस्थानात आली. इथे ईस्ट इंडिया कंपनीच्या एका सर्जनशी तिचं लग्न झालं. कंपनीच्या चाकरीतल्या गोऱ्या पुरुषांना बायका हव्या होत्या, आणि हुंडा नसलेल्या मुलींना घर. जेनने सोळाव्या वर्षी 'कॅथरीन' नावाची एक गोष्ट अर्धवट लिहून ठेवली. तीत अशीच एक पोरकी मुलगी लग्नासाठी बंगालला धाडली जाते. बाकीचे म्हणतात, नशीब काढलं. नायिकेला मात्र त्यात नशिबाचं काही दिसत नाही. एवढ्या कोवळ्या वयात तिने नेमकी जागा हेरली होती : उपकार करणारे खूश आहेत, पण जिच्यावर उपकार झाले तिला कुणी विचारलंय का?

तिच्यावरच्या सिनेमांना टॉम लेफ्रॉयचं प्रकरण फार आवडतं. १७९५-९६ च्या हिवाळ्यात दोघं नाचले, हसले, आणि मग तो निघून गेला. २००७ च्या 'बिकमिंग जेन' या सिनेमाने त्याच्यावर सगळी कथा उभी केली. मला जास्त महत्त्वाची वाटते ती डिसेंबर १८०२ ची एक रात्र. मॅनिडाउन या मोठ्या इस्टेटीचा वारस हॅरिस बिग-विदर याने तिला मागणी घातली. तो एकवीस वर्षांचा, ती सत्ताविसाला दोन आठवडे कमी. तिने होकार दिला. सकाळी उठून नकार दिला. त्या एका होकारात तिचं, आईचं, बहिणीचं म्हातारपण सुरक्षित झालं असतं. रात्रभरात तिने काय विचार केला असेल, हे सांगणारा कागद उरलेला नाही. तिची बरीचशी पत्रं कॅसँड्राने पुढे जाळून टाकली.

पण कादंबऱ्या आहेत. 'प्राइड अँड प्रेज्युडिस'मध्ये एलिझाबेथ कॉलिन्सला नकार देते, तेव्हा ती एका मूर्खाला नाकारते एवढंच आपल्याला दिसतं. खरं तर वडील गेल्यावर जे घर तिला सोडावं लागणार आहे, तेच घर ती नाकारते. आणि तिची मैत्रीण शार्लट ल्यूकस, वय वर्षं सत्तावीस, त्याच कॉलिन्सला हो म्हणते. दुसरी एखादी लेखिका असती, तर शार्लटला रडवलं असतं. ऑस्टिन तसं करत नाही. ती आपल्याला शार्लटच्या नव्या घरी नेते आणि दाखवते, की तिने दिवसा बसायला मागच्या बाजूची खोली निवडली आहे. पुढची खोली जास्त चांगली, पण मग नवरा सारखा तिथे येऊन बसला असता. एका खोलीच्या निवडीत सबंध संसार कळतो. शार्लटने तडजोड केली आहे, ती तिला कळते आहे, आणि तीत आपल्यापुरती जागा कशी काढायची तेही तिला कळतं. ज्या बाईने एक रात्र शार्लट होऊन पाहिलं होतं, तिनेच हे लिहिलं आहे असं मला वाटत राहतं.

तुम्ही म्हणाल, शेवटी एलिझाबेथला १०,००० वाला मिळतोच ना! मिळतो. प्रत्येक नायिकेला प्रेम आणि पुरेसं उत्पन्न एकाच माणसात मिळतं, ही ऑस्टिनची सूट आहे आणि ती सूट आहे हे मान्य करावं. तिच्या हिशोबाला आणखीही एक कड आहे जिथे तो थांबतो. हे हजारो पौंड येतात कुठून? 'मॅन्सफिल्ड पार्क'मधल्या सर टॉमसची मालमत्ता अँटिग्वात आहे. फॅनी प्राइस त्याला गुलामांच्या व्यापाराबद्दल विचारते, आणि खोलीत शांतता पसरते. ऑस्टिन ती शांतता नोंदवते, पण तिच्या पलीकडे जात नाही. चुली पेटवणारे, घोडे धरणारे नोकर तर बहुतेक वेळा नावापुरतेच येतात.

आता तिच्या स्वतःच्या कमाईकडे येऊ. १८०३ मध्ये तिची 'सुझन' ही कादंबरी, म्हणजे पुढे 'नॉर्थँगर अ‍ॅबी', एका प्रकाशकाने १० पौंडांना घेतली आणि छापलीच नाही. १८०९ मध्ये तिने टोपणनावाने पत्र लिहून विचारणा केली. उत्तर आलं, १० पौंड द्या आणि घेऊन जा. तेवढे लगेच देणं तिला जमलं नसावं, कारण हस्तलिखित परत घेतलं ते १८१६ मध्ये. २०१७ साली बँक ऑफ इंग्लंडने तिचं चित्र छापलं ते नेमकं १० पौंडांच्याच नोटेवर!

१८०९ मध्ये भाऊ एडवर्डने चॉटनमधलं एक घर आई-बहिणींना राहायला दिलं. नातेवाइकांनी दत्तक घेतल्यामुळे तो मोठा जमीनदार झालेला होता. बाथ आणि साउथॅम्प्टनमधल्या आठ वर्षांच्या ओढाताणीत तिच्या हातून फारसं काही पुरं झालं नव्हतं. चॉटनला आल्यावर सहा-सात वर्षांत चार कादंबऱ्या छापून झाल्या आणि 'पर्सुएशन' लिहून झाली. बाईला लिहायला काय लागतं, या प्रश्नाचं तिच्यापुरतं उत्तर इथे आहे : कुणी उठवणार नाही असं घर. 'सेन्स अँड सेन्सिबिलिटी'ची पहिली आवृत्ती संपली, १४० पौंड नफा झाला, तेव्हा तिने भाऊ फ्रान्सिसला ते आनंदाने कळवलं आणि आणखी मिळावेत अशी इच्छाही लपवली नाही. पहिल्या पगाराचा मेसेज मी किती वेळा उघडून पाहिला होता, ते मला आठवलं. मुखपृष्ठावर तिचं नाव नव्हतं, नुसतं 'एका बाईने लिहिलेली'. पैसे मात्र तिचे होते.

हे सगळं वाचल्यावर मी 'एमा'कडे परत गेले आणि चांगलीच सापडले. त्यात मिस बेट्स नावाची एक बाई आहे. अविवाहित, गरीब, म्हाताऱ्या आईला सांभाळणारी, अखंड बडबडी. शेजाऱ्यांनी पाठवलेल्या डुकराच्या मांसाबद्दल, सफरचंदांबद्दल ती पानंच्या पानं आभार मानत राहते. पहिल्या वेळी मी ती पानं सरळ सरकवली होती. बॉक्स हिलच्या सहलीत एमा सगळ्यांसमोर तिच्या बडबडीची टिंगल करते, तेव्हा मी हसलेही होते. मग मिस्टर नाइटली एमाला सुनावतो, आणि तेव्हा मला माझी आत्या आठवली. लग्न न झालेली, काकांकडे राहणारी. कुणी चहाचा कप दिला तरी दहा वेळा 'कशाला गं त्रास घेतलास' म्हणणारी. तिच्या त्या पालुपदाची नक्कल करून मी घरच्यांना कितीदा हसवलं आहे. मिस बेट्स इतकी का बोलते? कारण आभार हेच तिचं भाडं आहे, आणि ते तिला रोज भरावं लागतं. ऑस्टिनने ती बडबड मुद्दाम कंटाळवाणी लिहिली, म्हणजे आपणही एमासारखे वागू. आणि आपण वागतो.

मार्च १८१६ मध्ये हेन्रीची बँक बुडाली. जेनचे थोडेसेच पैसे गेले, पण हेन्री आणि फ्रान्सिस आईला देत असलेली रक्कम बंद पडली. १८ जुलै १८१७ ला विंचेस्टरमध्ये, एकेचाळिसाव्या वर्षी ती गेली. त्याआधी एप्रिलमध्ये तिने मृत्युपत्र लिहिलं होतं. जवळजवळ सगळं कॅसँड्राला. फक्त ५० पौंड हेन्रीला, आणि ५० पौंड मादाम बिजाँ हिला. ही हेन्रीच्या घरची म्हातारी फ्रेंच हाउसकीपर. बँक बुडाली तेव्हा तिलाही झळ लागली होती. जेम्सने एका वर्षाला कबूल केले होते तेवढेच हे ५०. फरक एवढाच, की हे मृत्युपत्रात लिहिलेले होते. नंतर कुणाला फॅनी डॅशवुडसारखं बसून कमी करता आले नसते.