ललिताबाई पवार : मुद्रा आणि भूमिका

हिंदी चित्रपटांतील खाष्ट सासू म्हटली, कीं आजहि एकच मुद्रा डोळ्यांपुढें उभी राहते : आंखडलेला डावा डोळा, घट्ट मिटलेले ओठ आणि टोमणा मारण्यापूर्वीं घेतलेला क्षणभराचा विराम. ललिताबाई पवार १९९८ सालीं निवर्तल्या. पण ही मुद्रा अद्याप पुसलेली नाहीं. एवढी कीर्ति कोणासहि हेवा वाटण्याजोगी खरी. परंतु तींत एक अन्यायहि दडलेला आहे, असें मला वाटतें.

ललिताबाईंचा जन्म १९१६ सालीं येवल्यास झाला. मूकपटांच्या काळांत त्या बालनटी म्हणून पडद्यावर आल्या आणि बोलपटांत नायिका झाल्या. १९३८ सालीं तर 'दुनिया क्या है' या बोलपटाची निर्मितीहि त्यांनीं केली. १९४२ सालीं 'जंग-ए-आझादी'च्या चित्रणाच्या वेळीं सहनटाची चपराक नको तितक्या जोरानें बसली. चेहऱ्याला पक्षाघात झाला आणि डाव्या डोळ्यांत कायमचें वैगुण्य आलें. पंचविशी नुकती उलटली असतांना नायिकेचा मार्ग खुंटला.

या घटनेवर सामान्यतः असा अभिप्राय ऐकूं येतो, कीं ही आपत्ति इष्टापत्तीच ठरली. तो डोळा अधू झाला नसता, तर अशी खलनायिका आपल्याला लाभली नसती. या म्हणण्यांत तथ्य किती? खलत्व जर डोळ्यांत असतें, तर तो दिसतांच प्रत्येक वेळीं आपल्याला भीति वाटावयास हवी होती. 'श्री ४२०' (१९५५) मधील केळीं विकणारी गंगामाई आठवावी. डोळा तोच, पण परगांवाहून आलेल्या निराधार तरुणाकडे तो वळतो, तेव्हां त्यांत मायाच दिसते. 'अनाडी' (१९५९) मधील घरमालकीण मिसेस डिसा तर तोंडाची फटकळ. पण तिच्या रागावण्याखालीं झरणारी ममता बाईंनीं इतक्या सहजतेनें दाखविली आहे, कीं सदोष औषधानें तिचा बळी गेल्यावर आपल्याच घरांतील माणूस गेल्यासारखें वाटतें. या भूमिकेबद्दल त्यांना 'फिल्मफेअर'चें पारितोषिक मिळालें, तें योग्यच झालें.

'प्रोफेसर' (१९६२) मधील भूमिका याहूनहि बोलकी आहे. तरुण नायक आमच्याच पेशाचें सोंग घेऊन, म्हातारा प्राध्यापक म्हणून शिकवणीस येतो, आणि घरांतील मुलींना धाकांत ठेवणारी करारी सीतादेवी त्या सोंगावरच अनुरक्त होते. प्रसंग हांसण्यासाठींच योजलेला आहे, आणि आपण हांसतोंहि. परंतु उतारवयांत आपल्याकडे कोणी पाहत आहे, या जाणिवेनें ती बाई जेव्हां लाजते, तेव्हां आपल्याला आपल्याच हांसण्याचा संकोच वाटूं लागतो.

तेव्हां त्यांच्या खलत्वाचें रहस्य डोळ्यांत नसून वाणींत आणि समजुतींत आहे. 'प्रभात'च्या 'रामशास्त्री' (१९४४) मधील आनंदीबाई घ्या, वा 'दहेज' (१९५०) मधील सासू घ्या. आपण दुष्ट आहों असें या स्त्रियांना मुळीं वाटतच नाहीं. आपण केवळ आपल्या हक्काचें मागत आहों, अशी त्यांची खात्री असते. म्हणूनच त्या खऱ्या वाटतात.

दोष आहे तो निर्मात्यांचा, आणि त्यांच्याइतकाच आपला. व्यंगांत दुष्टपणा पाहण्याची आपली खोड जुनी आहे. मंथरेचें कुबड हें तिचेंच उदाहरण. १९८७ सालीं दूरदर्शनवर 'रामायण' सुरू झालें, तेव्हां मंथरेच्या भूमिकेंत ललिताबाईच दिसाव्यात, हा मला निव्वळ योगायोग वाटत नाहीं. सत्तरी उलटलेल्या बाईंनीं ती भूमिकाहि चोख वठविली. पण त्यांच्यांत जी गंगामाई होती, जी सीतादेवी होती, तिला आपण कितीदां बोलावलें? एका जखमेलाच आपण स्वभाव समजलों, आणि वर्षानुवर्षें तिकिटें काढून तोच समज पक्का केला. त्यांचा एखादा जुना चित्रपट पुन्हां पाहण्याचा योग आला, तर रसिकांनीं क्षणभर त्या डोळ्याकडे न पाहतां केवळ आवाज ऐकावा. खऱ्या ललिताबाई तेथें भेटतील.