तळटीप 17 मधलं बायनॉमियल

संख्याशास्त्राच्या पुस्तकांत 'यादृच्छिकपणे 10 माणसे निवडली' असं पहिल्याच ओळीत सांगून टाकतात. मग उरतं फक्त सूत्रात आकडे भरणं. संशोधनात नेमकं हेच वाक्य तपासायचं असतं. म्हणून मला पुस्तकातल्या उदाहरणांपेक्षा अमेरिकी सर्वोच्च न्यायालयाच्या 1977 च्या 'कास्टनेडा विरुद्ध पार्टिडा' निकालातली तळटीप 17 जास्त उपयोगी वाटते. दोष तिच्यातही आहेत, पण ते शिकण्यासारखे आहेत.

टेक्सासमधल्या हिडाल्गो काउंटीत मेक्सिकन-अमेरिकन लोक 79.1 टक्के. 11 वर्षांत ग्रँड ज्युरीसाठी 870 जणांना बोलावलं, त्यात ते फक्त 339. चिठ्ठ्या टाकून निवड झाली असती तर 870 × 0.791, म्हणजे साधारण 688 अपेक्षित. प्रमाण विचलन म्हणजे 870 × 0.791 × 0.209 चं वर्गमूळ, जवळपास 12. तफावत 349 ची. म्हणजे तब्बल 29 प्रमाण विचलनं!

इथे एक आक्षेप हमखास येतो: नावं तर आयुक्त स्वतः ठरवायचे, मग बायनॉमियल लागू कसं? अहो, ते निवडीचं वर्णन नाहीच. 'निवड वंश न बघता झाली' हा दावा खरा मानला तर काय दिसायला हवं, ते बायनॉमियल सांगतं. दावा कोसळला, इतकंच कळतं. कोणाचा हेतू काय होता, ते यातून कळत नाही.

आता शेपटाकडे बघा. अशी शक्यता 10 च्या 140 व्या घातात एकापेक्षाही कमी, असं तळटीप म्हणते. ते बरोबर आहे. पण 29 विचलनं घेऊन नॉर्मल वक्राने उत्तर काढलंत तर छेदात 10 चा 186 वा घात येतो. थेट बायनॉमियलने सुमारे 144 वा. बेचाळीस शून्यांचा फरक! मध्याजवळ चालणारं सन्निकटीकरण इतक्या लांब चालत नाही. प्रबंधात असले घात मिरवू नका.

खरा वाद 79.1 वर आहे. ते एकूण लोकसंख्येतलं प्रमाण. ज्युरर प्रौढ, नागरिक आणि साक्षर हवा. सरन्यायाधीश बर्गर यांनी विरोधी मतात नेमकं हेच धरलं, आणि प्रश्न रास्त आहे. स्वतः करून बघा: 65 टक्के धरले तरी तफावत 16 विचलनांची राहते, निष्कर्ष हलत नाही. 42 टक्के धरले तर मात्र ती दोनच्याही खाली येते. पात्र लोकांतलं प्रमाण किती, हे जनगणनेच्या तक्त्यांत बसून शोधावं लागतं. सूत्र ते देत नाही.

आणि 339 हा आकडा? तो यादीतल्या स्पॅनिश आडनावांवरून मोजलेला. लग्नानंतर आडनाव बदललेली बाई कुठल्या रकान्यात गेली असेल, ते वेगळंच.