मुखपृष्ठावरील नांव आणि ग्रंथकर्तृत्व : मारिया लेहार्रागा प्रकरण

पोथीच्या पुष्पिकेंतील 'लेखक' हा पुष्कळदां केवळ नकलकार असतो, ग्रंथकर्ता निराळा. हें आमच्या वाचकांस सांगावयास नको. छापील पुस्तकाविषयीं मात्र ही सावधगिरी आपण सोडतों, आणि चित्रपटाच्या आरंभीं येणाऱ्या नांवांविषयीं तर ती क्वचितच बाळगली जाते. स्पॅनिश लेखिका मारिया लेहार्रागा यांचें प्रकरण या दृष्टीनें तपासण्याजोगें आहे.

मारियाबाईंचा जन्म १८७४ सालीं सान मिय्यान दे ला कोगोया या गांवीं झाला. तेथील मठांतल्या एका लॅटिन पोथीवरील टिपा स्पेनमधील लोकभाषेच्या अतिप्राचीन लेखनांत गणल्या जातात. पेशानें त्या शिक्षिका. पहिलें पुस्तक १८९९ सालीं त्यांच्या स्वतःच्या नांवानें निघालें. १९०० सालीं ग्रेगोरिओ मार्तिनेस सिएर्रा यांच्याशीं विवाह झाला. नंतरचीं नाटकें पतीच्या नांवावर प्रसिद्ध झालीं. त्यांत १९११ चें 'अंगाईगीत' विशेष गाजलें. बोलपट आल्यावर हीं नाटकें पडद्यावर गेलीं : १९३१ सालीं 'मामा', १९३३ सालीं हॉलिवुडांत 'अंगाईगीत', आणि १९४१ सालीं आर्जेंटिनांत तेंच पुन्हां, स्वतः ग्रेगोरिओंच्या दिग्दर्शनाखालीं. नाटककार म्हणून नांव पतीचेंच राहिलें.

१९५३ सालीं मेक्सिकोंत मारियाबाईंनीं 'ग्रेगोरिओ आणि मी' हें आत्मवृत्त प्रसिद्ध करून या लेखनांतील आपला वांटा सांगितला. पति १९४७ सालीं निवर्तले होते. लेखिका देशत्यागांत, उपजीविका लेखणीवर. तेव्हां हें हितसंबंधी साक्षीदाराचें कथन होय. एवढ्यावरच निकाल देणें योग्य होणार नाहीं. परंतु दुसरा कागद आहे. १४ एप्रिल १९३० रोजीं ग्रेगोरिओंनीं सहीनिशीं लिहून दिलें कीं, आपलें सर्व लेखन पत्नीच्या सहकार्यानें झालेलें आहे. ज्याच्या नांवें कीर्ति व उत्पन्न जमा होत होतें, त्यानेंच स्वतःच्या हिताविरुद्ध दिलेली ही कबुली आहे. तिचें मोल आत्मवृत्ताहून अधिक. शिवाय उभयतां विभक्त राहत असतांही पति पत्नीकडून मजकूर मागवीत असल्याचीं पत्रें उपलब्ध आहेत.

यावरून कांहीं अभ्यासक दुसऱ्या टोकास जातात, आणि सर्व नाटकें एकट्या मारियाबाईंचीं ठरवितात. आम्हांस येथें थांबणें इष्ट वाटतें. कबुलीपत्रांतील शब्द 'सहकार्य' हा आहे. आत्मवृत्ताच्या उपशीर्षकांतही अर्धशतकाचें सहकार्यच म्हटलें आहे. वादी आणि प्रतिवादी जेथें एकमत होतात, तेवढें सिद्ध मानावें. त्यापुढील वांटणी प्रत्येक नाटकाचे हस्तलेख व पत्रें पाहून स्वतंत्रपणें ठरवावी.

मारियाबाई १९७४ सालीं ब्वेनोस आयरेस येथें वारल्या. त्यांचें हें प्रकरण केवळ न्यायबुद्धीनें नव्हे, तर कागदांनीं उभें राहतें. म्हणून या चित्रपटांची सूची करणारानें दोन्ही नांवें नोंदवावीं, आणि दुसऱ्या नांवापुढें १९३० च्या कबुलीपत्राचा दाखला अवश्य द्यावा.