काळाचे कारभारी

टेरी प्रॅचेट या इंग्रज लेखकाच्या ‘थीफ ऑफ टाइम’ (२००१) या विनोदी कादंबरींत डोंगरांत दडलेला भिक्षूंचा एक गुप्त संघ काळाची वांटणी करितो. समुद्रतळीं वायां जाणारा काळ साठवून, जेथें तो अपुरा पडतो त्या शहरांस पाटाच्या पाण्यासारखा पुरवावयाचा, ही कल्पना आम्हांस मोठी गोड वाटली. परंतु या व्यवहारांत संघास स्वतःला कांहींच मोजावें लागत नाहीं.

गडचिरोली जिल्ह्यांत, चामोर्शीजवळ, वैनगंगेकांठीं मार्कंडादेवाचीं प्राचीन शिवमंदिरें आहेत. महाशिवरात्रीस तेथें मोठी जत्रा भरते. सोळाव्या वर्षीं शिवलिंगास मिठी मारून मार्कंडेयानें मृत्यूस परतविलें, ही कथा मुलांसही ठाऊक असते. महाभारताच्या वनपर्वांतील त्याची दुसरी कथा आम्हांस अधिक मोलाची वाटते. प्रलयांत सर्व चराचर बुडाल्यावर हा चिरंजीव अथांग जळांत एकटाच भटकतो, थकतो, आणि त्याला आसरा सांपडत नाहीं. वटशाखेवरचें बालक त्याला आपल्या मुखांत विसावा देतें तें पुष्कळ नंतर.

प्रॅचेटचा नायकही अखेरीस मनुष्यपण सोडून स्वतःच काळ होतो. तेथें किंमत दिसूं लागते खरी. पण लेखक लगबगीनें नायिकेची भेट घडवून आणितो. त्या बिचाऱ्यास थोडें पोहूं तरी द्यावयाचें होतें!